माडीवरची पुतणी

"मोठ्या जाऊबाईंची सात वर्षांची मुलगी बोलत नाही. पाहुणे आले की सासूबाई तिला माडीवर नेऊन बाहेरून कडी लावतात. नणंदेचं लग्न ठरायचंय म्हणे. शाळेतही घातलेलं नाही. मी या घरात नवी, मी बोलू का?" असं तू कोल्हापूरच्या शिवाजी पेठेतून लिहिलंस.

बोल. नणंदेचं लग्न ठरेपर्यंत थांबू नकोस.

तुझ्या पत्रातली एक ओळ मी पुन्हापुन्हा वाचली. जोतिबाची सासनकाठी गल्लीतून गेली, तेव्हा ती माडीवर हलगीच्या ठेक्यात थाळी वाजवत होती. अगं, म्हणजे तो ठेका तिच्यापर्यंत पोचला आणि तिनं त्याला साथ दिली! हलगी अंगालाही जाणवते, म्हणून कान तपासायलाच हवेत. पण हे लेकरू बाहेरच्या जगाला साद घालतंय, एवढं नक्की.

घाई करते आहे, त्याला कारण आहे. १९७० मध्ये कॅलिफोर्नियात १३ वर्षांची एक मुलगी सापडली. दोन वर्षांचीही नव्हती तेव्हापासून बापानं तिला एका खोलीत डांबलं होतं. अभ्यासकांनी तिला 'जिनी' म्हटलं. पुढे ती बरेच शब्द शिकली, पण वाक्याची नीट बांधणी तिला कधीच जमली नाही. तुमच्या पोरीजवळ तिची आई आहे, हा मोठा फरक. तरी भाषेचं वय हातचं निसटतं.

आधी जाऊबाईंना एकटीला गाठ. त्यांना दोष देऊ नकोस. तीही माऊली त्या कडीमागेच आहे. "मी येते बरोबर," म्हण आणि दोघी मिळून पोरीला सीपीआरला, म्हणजे सरकारी रुग्णालयात न्या. कान आणि वाचा तपासून घ्या. अपंगत्व निघालं, तर प्रमाणपत्र करून घ्या. अपंगांच्या हक्कांच्या २०१६ च्या कायद्यानं ४० टक्के किंवा जास्त अपंगत्व असलेल्या मुलांना ६ ते १८ वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क आहे. सासूबाईंना सांग, पोर शाळेत न धाडणाऱ्या आईबापाला शाहू महाराजांनी महिना एक रुपया दंड लावला होता, तोही १९१७ च्या सुमारास, याच कोल्हापुरात.

घरचे अडून बसले, तर १०९८ या मुलांच्या मदतीच्या क्रमांकावर फोन कर. चोवीस तास, फुकट. तिथून प्रकरण जिल्ह्याच्या बालकल्याण समितीपुढे जाऊ शकतं. मारहाण होत असेल, बांधून ठेवत असतील, तर कुणाच्या होकाराची वाट न बघता आजच कर.

तपासणी झाली की दोन ओळी लिही. आणि रोज माडीवर जाऊन तिच्यासमोर बस, तिला नावानं हाक मार, थाळी वाजवली तर तूही वाजव.