बाग राहू दे, आधी प्लॅन वाचायला शीक

देवगड तालुक्यातल्या एका विद्यार्थिनीचं पत्र आलं आहे. ती बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला आहे. घरी हापूसची साठ कलमं. गावच्या मंडळाच्या नाटकाचा सगळा व्यवहार दोन वर्षं तिनेच सांभाळला. ती लिहिते, 'मला स्टेजवर जायचं नाही, लिहायचंही नाही. नाटक उभं करायचंय आणि चालवायचंय. त्यासाठी कोर्स कुठला? पैसे किती लागतात? बाबा म्हणतात, ह्या पैशेवाल्यांचा काम, आपला न्हय. मुंबईचा मामा म्हणतो, बागेचा रस्त्याकडचा तुकडा विका, मी ओळखीने नाटक लावून देतो. मी काय करू?'

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचलं ते शेवटच्या पानावरच्या एका वाक्यासाठी. तू लिहिलंस, 'पडदा पडल्यावर सगळे फोटो काढत होते. मी मंडपवाल्याचे आणि लाइटवाल्याचे पैसे चुकते केले आणि मग जेवले.' अगं, निर्मात्याचं काम तू केलेलंच आहेस. त्या कामाला हे नाव आहे, एवढंच तुला कुणी सांगितलं नव्हतं.

आधी मामाच्या सल्ल्याचं उत्तर देते, कारण ते थांबू शकत नाही. बागेचा तुकडा विकू नका. मामाचा हेतू चांगला असेल, पण ओळखीने नाटक लावून देण्यात तुझ्या वाट्याला फक्त पैसे घालणं येईल. संहिता दुसऱ्याने निवडलेली, तारखा दुसऱ्याच्या हातात, हिशेबाची वही दुसऱ्याकडे. अशी माणसं व्यावसायिक रंगभूमीवर दर वर्षी येतात. शुभारंभाच्या जाहिरातीत त्यांचं नाव झळकतं आणि वीस-पंचवीस प्रयोगांनंतर ती परत दिसत नाहीत. रंगभूमीवरचं प्रेम कमी पडलं म्हणून ती जात नाहीत. काम न शिकताच भांडवल संपतं, म्हणून जातात.

हे काम काय आहे ते तुला तुझ्याच अंगणातलं उदाहरण देऊन सांगते. आढीतला आंबा पिकला की त्याला दिवस मोजून दिलेले असतात. आज विकला नाही तर उद्या भाव पडतो, परवा तो टाकायचा. नाट्यगृहातल्या खुर्चीचा जीव त्याहून लहान आहे. तिसरी घंटा झाली आणि खुर्ची रिकामी राहिली की ती कायमची गेली, उद्या ती पुन्हा विकता येत नाही. हॉलचं भाडं, कलाकारांची नाईट म्हणजे प्रयोगामागचं मानधन, बॅकस्टेजच्या मुलांचे पैसे, बस, सेटचा टेम्पो, लेखक-दिग्दर्शकाचं मानधन, वर्तमानपत्रातली जाहिरात हा सगळा खर्च मात्र खुर्ची भरली तरी तेवढाच आणि रिकामी राहिली तरी तेवढाच.

आता तू कॉमर्सची आहेस, तर वही उघड. आकडे मी फक्त समजण्यापुरते घेते, प्रत्येक नाटकाचे वेगळे असतात. एका प्रयोगाचा खर्च १,२०,००० रुपये धर आणि तिकिटाची सरासरी ३०० रुपये. म्हणजे ४०० तिकिटं गेली की त्या दिवसापुरती बरोबरी. ५०० गेली तर हातात ३०,००० उरतात, ३०० गेली तर ३०,००० खिशातून जातात. नाटक उभं करायला २० लाख घातले असतील, तर रोज ५०० तिकिटं जाऊनही ते फिटायला ६७ प्रयोग लागतात. महिन्याला आठ प्रयोग मिळाले तर आठ महिने आणि वर थोडे दिवस. तोवर नायिकेला मालिका मिळते, पाऊस येतो, परीक्षा येतात. तिकीट वाढवू म्हणशील, तर ५०० रुपयांपर्यंतच्या नाटकाच्या तिकिटावर जीएसटी नाही, त्याच्यावर गेलं की लागतो. म्हणून बऱ्याच नाटकांचं वरचं तिकीट ५०० रुपयांवर थांबलेलं दिसतं. हे गणित तोंडपाठ नसेल तर हिशेब चुकतो कुठे तेच कळत नाही.

आणि गणितात न बसणारंही काही येतं. २०२० च्या मार्चमध्ये नाट्यगृहं बंद झाली, मध्ये थोडी उघडून पुन्हा बंद झाली आणि २२ ऑक्टोबर २०२१ ला निम्म्या खुर्च्यांवर परत सुरू झाली. त्या काळात प्रयोग थांबले, पण कर्जाचं व्याज थांबलं नाही. घर आणि बाग पणाला लावू नको म्हणते ते म्हणून.

मी कॉलेजात असताना रत्नागिरीत मुंबईच्या एका नाटकाची तिकिटं विकायला मदत केली होती. सेटचा टेम्पो घाटात अडकला आणि प्रयोग सव्वा तास उशिरा लागला. प्रेक्षक चिडले होते. त्या नाटकाचे व्यवस्थापक बुकिंगच्या खिडकीत बसून होते. पुढ्यात प्लॅनचा, म्हणजे खुर्च्यांच्या आराखड्याचा कागद, हातात लाल पेन्सिल. कुणी पैसे परत मागितले की वाद न घालता द्यायचे आणि प्लॅनवर त्या खुर्चीची फुली खोडायची. तिसरी घंटा झाल्यावर ते आत येऊन मागच्या भिंतीला टेकून उभे राहिले. मला वाटलं आता नाटक बघतील. त्यांचं लक्ष रंगमंचाकडे नव्हतंच, ते डोकी मोजत होते. किती वेळ बघितलं तरी ओठ हलतच होते. प्रयोग संपल्यावर त्यांनी सगळ्यात आधी सेट काढणाऱ्या मुलांचे पैसे दिले, मग बाकीच्यांचे, आणि प्लॅनची घडी करून शर्टाच्या खिशात ठेवली. मी या वाटेने गेले नाही, पण 'निर्माता' म्हटलं की मला अजून ते गृहस्थच आठवतात. तुझ्या पत्रातलं मंडपवाल्याचं वाक्य वाचून तेच आठवले.

कोर्सचं विचारलंस. व्यावसायिक नाट्यनिर्मितीचीच पदवी घे, असं मी तुला सांगणार नाही. रंगभूमीचं शिक्षण मुंबई विद्यापीठाच्या अ‍ॅकॅडमी ऑफ थिएटर आर्ट्समध्ये आणि पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात मिळतं, दिल्लीला राष्ट्रीय नाट्य विद्यालय आहे. नेपथ्य, प्रकाशयोजना, दिग्दर्शन कळलेला निर्माता चांगला असतो यात शंका नाही. पण तुझ्यासाठी आधी बी.कॉम. पूर्ण करणं जास्त मोलाचं आहे, कारण करार वाचणं, जीएसटी, ताळेबंद हे तुला रोज लागणार. लेखकाशी करार करताना मुदत आणि प्रदेश लिहून घे. हक्क हस्तांतराच्या कागदात मुदत लिहिली नसेल तर कॉपीराइट कायदा ती ५ वर्षं धरतो आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता. तोंडी ठरलेल्या गोष्टींवरून चांगल्या माणसांची कायमची तोंडं फिरलेली मी पाहिली आहेत. संहिता हातात आली की ती महाराष्ट्र राज्य रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवून प्रमाणपत्र घ्यावं लागतं. नव्या व्यावसायिक नाटकांसाठी सांस्कृतिक कार्य संचालनालयाची अनुदान योजनाही आहे. तिचे नियम मूळ कागदावरून वाच, कुणाच्या सांगण्यावरून नको.

संहिता पारखायला मात्र कुठलाच कोर्स पुरत नाही. आंब्यातला साका, म्हणजे आतला खराब गर, बाहेरून दिसत नाही ना, तसंच आहे. वाचताना गोड लागलेलं नाटक दुसऱ्या अंकात ढेपाळतं. त्यासाठी नाटकं बघायची, आणि तीही प्रेक्षकांकडे तोंड करून. लोक कुठे खोकायला लागतात, कुठे मोबाइल काढतात, मध्यंतरात वडापाव खाताना काय बोलतात, ते वहीत लिहीत जा.

यात तू कोकणातली आहेस याचा मला फार भरवसा वाटतो. मालवण तालुक्यातले मच्छिंद्र कांबळी आठव. लालबाग-परळमधला कोकणी माणूस आपली बोली ऐकायला तिकीट काढून येईल, हे त्यांनी ओळखलं. 'वस्त्रहरण' या त्यांच्या मालवणी नाटकाचे हजारो प्रयोग झाले आणि भद्रकाली ही त्यांची संस्था आजही नाटकं करते आहे. आपला प्रेक्षक कोण, तो कुठे राहतो, त्याला कुठल्या वारी वेळ असतो, हे ज्याला माहीत तो निर्माता. बाई म्हणून जमेल का असंही तू अडखळत विचारलं आहेस. श्री चिंतामणी या नाट्यसंस्थेच्या लता नार्वेकरांनी हे काम वर्षानुवर्षं केलं आहे. रात्री उशिरा ठाणे-बोरिवलीहून परतणं, दौऱ्यात बसने फिरणं या अडचणी खऱ्या आहेत. त्यामुळे मुंबईत राहण्याची सोय आधी पक्की कर, काम नंतर शोध.

आणि सगळ्यात जवळचा व्यावसायिक निर्माता तुझ्या गावच्या जत्रेत येतो, तिकडे तुझं लक्ष गेलेलं नाही. दशावतारी नाटक कंपनीचा मालक! तुळशीच्या लग्नानंतर जत्रा सुरू झाल्या की कुठल्या रात्री कुठल्या देवळात, पेटारा आणि माणसं कशी पोचवायची, राजा आजारी पडला तर आयत्या वेळी कुणाला उभं करायचं, हे सगळं तो डोक्यात ठेवतो. या हंगामात एका मालकाला विचारून दोन दिवस त्यांच्या टेम्पोबरोबर फिर. जो हिशेब तो सांगेल तो लिहून घे.

पुढची वाट मी अशी धरली असती. पदवी होईपर्यंत कणकवलीचं आचरेकर प्रतिष्ठान, कुडाळचं बाबा वर्दम थिएटर्स अशा संस्थांच्या उपक्रमांत जायचं आणि राज्य हौशी नाट्य स्पर्धेच्या एखाद्या संघाचं व्यवस्थापन मागून घ्यायचं. मग मुंबईत एखाद्या चालत्या निर्मात्याकडे किंवा त्यांच्या सूत्रधारांकडे, म्हणजे प्रयोगांची सगळी व्यवस्था बघणाऱ्यांकडे, सहायक म्हणून तीन वर्षं. पैसे थोडे आणि अनियमित मिळतील, किती मिळणार ते आधीच विचार. तिथे नाट्यगृहांच्या तारखा कशा मिळवतात, प्लॅन कधी उघडायचा म्हणजे तिकीटविक्री कधी सुरू करायची, कुठली जाहिरात कुठल्या दिवशी द्यायची हे हातात बसेल. या तीन वर्षांत मन उडालं तरी काही वाया जात नाही, महोत्सव, चित्रीकरण, कार्यक्रम व्यवस्थापन अशा सगळ्या ठिकाणी हीच माणसं लागतात.

त्यानंतरही लगेच नाटक काढू नको. आधी एक कॉन्ट्रॅक्ट शो घे. मुंबईच्या चालत्या नाटकाचा एक प्रयोग ठरलेल्या रकमेला घ्यायचा आणि मालवणला मामा वरेरकर नाट्यगृहात किंवा कणकवलीला तो स्वतः विकायचा. बुडाले तर एका रात्रीचे पैसे बुडतील, बाग जाणार नाही. असे पाच-सहा शो पचवलेस की कुणाबरोबर तरी छोट्या भागीने उतर. मामाला तेव्हा विचार, त्याची ओळख त्या वेळी खरंच उपयोगी पडेल.

बाबांचं म्हणणं खोडून काढायच्या भरीला पडू नकोस. वाशीच्या बाजारातल्या दलालाची हिशेबाची पट्टी आली की पेट्या, तूट, हमाली, सगळं ते ओळीने तपासत असतील. पहिला कॉन्ट्रॅक्ट शो घेशील तेव्हा बुकिंगच्या टेबलावर त्यांनाच बसव. आणि गावच्या नाटकाच्या जमाखर्चाची ती दोन वर्षांची वही टाकू नको. मुंबईत पहिल्यांदा कुणाला भेटायला जाशील तेव्हा पिशवीत घेऊन जा. पावत्या लावल्या नसतील तर याच आठवड्यात लाव.