झेंडा खाली का टेकू द्यायचा नाही

पिल्लू,

तू विचारलंस की गणपतीच्या मिरवणुकीत तुझ्या हातातला भगवा जरासा रस्त्याला टेकला तर पथकातले सगळे काका-मावश्या एवढे का ओरडले, शेवटी ते कापडच आहे ना, घरी येऊन धुता आलं असतं, आणि आपल्या मराठी लोकांतच असं आहे का. गाडीत मी "असू दे, नंतर सांगते" म्हणाले कारण दोन वाक्यांत सांगण्यासारखं ते नव्हतंच. आता तुला मराठी नीट वाचता येतं म्हणून लिहूनच देतेय.

आपल्याकडे निशाणाला मान आहे हे तू बघतेसच. गुढी उतरवताना आपण आधी हळदीकुंकू वाहतो, मग हळूच उतरवतो, ओढून नाही काढत. वारीच्या रिंगणाचा व्हिडिओ आजोबांनी दाखवला होता ना, त्यात खांद्यावर पताका घेतलेले वारकरी धावतात, दमले तरी पताका वरच. आणि लढाईतलं निशाण म्हणजे तर सैन्याचा जीवच असायचा, मराठ्यांच्या जरीपटक्याचा मान ऐरागैऱ्याला मिळत नसे. पण हे फक्त आपल्यातच नाही गं. आपण राहतो त्याच अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात एक माणूस होऊन गेला, विल्यम कार्नी त्याचं नाव, त्याच्या गोष्टीत तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापेक्षा चांगलं आहे.

कार्नीचा जन्म 1840 चा, व्हर्जिनियातल्या नॉरफोक गावातला, आणि तो जन्मला तो गुलाम म्हणूनच. तिथे तेव्हा काळ्या मुलांना लिहायला-वाचायला शिकवणं कायद्यानं गुन्हा होता, तरी चौदाव्या वर्षी एका पाद्र्याच्या लपूनछपून चालणाऱ्या शाळेत तो शिकला. (आपल्या पुण्यात जोतिबा आणि सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली ती 1848 मध्ये, म्हणजे साधारण तोच काळ बघ.) वडील आधी गुलामीतून पळून उत्तरेकडे आले आणि मग सगळं कुटुंब इथल्या मॅसॅच्युसेट्समधल्या न्यू बेडफर्डला राहायला लागलं, जिथे व्हेलच्या तेलाचा मोठा धंदा होता. विल्यमला खरं तर पाद्री व्हायचं होतं. पण सिव्हिल वॉर सुरू झालं, म्हणजे गुलामी ठेवू पाहणारी दक्षिणेची राज्यं आणि उत्तरेची राज्यं यांच्यातलं युद्ध, आणि 1863 च्या सुरुवातीला राष्ट्राध्यक्ष लिंकनच्या गुलाममुक्तीच्या जाहीरनाम्यानंतर मॅसॅच्युसेट्सने काळ्या सैनिकांची पायदळाची रेजिमेंट, म्हणजे पलटण, उभी करायला घेतली, 54 वी मॅसॅच्युसेट्स. सगळे स्वतःहून नाव नोंदवलेले. कार्नीने ठरवलं की देवाची सेवा करायची तर ती आत्ता अशीच होईल, आपल्या पिचलेल्या भावांसाठी लढून. फ्रेडरिक डग्लस, गुलामीतून सुटून तिच्याविरुद्ध लढलेले काळे नेते, ज्यांच्यावर तुम्ही शाळेत पोस्टर केलं होतंत, त्यांचे दोन मुलगेही याच रेजिमेंटमध्ये होते. आणि यातला कुणी दक्षिणेच्या हाती लागला तर त्याला युद्धकैदी समजणार नाही, बंड करणारा गुलाम समजून वागवू, असं दक्षिणेने आधीच जाहीर केलेलं होतं. हे माहीत असून ही मुलं भरती झाली.

18 जुलै 1863, साउथ कॅरोलिनात चार्ल्सटन बंदराच्या तोंडाशी मॉरिस आयलंड, त्यावर वॅगनर नावाचा वाळूचा किल्ला. एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला दलदल, मधे वाळूची अरुंद पट्टी, किल्ल्यासमोर पाण्याने भरलेला खंदक. संध्याकाळ होत आली होती आणि सगळ्यात पुढे 54 वीला पाठवलं.

इथे तुला निशाणाचं एक काम समजून घ्यायला हवं. तेव्हाच्या बंदुकींचा धूर इतका व्हायचा की शेजारचा दिसायचा नाही, आरडाओरड्यात हुकूम ऐकू यायचे नाहीत. मग सैनिकाने बघायचं कशाकडे? झेंड्याकडे. झेंडा पुढे तर आपण पुढे, झेंडा वळला तर आपण वळायचं, झेंडा पडला तर आपली माणसं संपली असं समजून लोक पळायला लागायचे. म्हणून शत्रूही आधी झेंडेवाल्यालाच टिपायचा. तुझ्या हातात काठी असते तेव्हा दुसरं काही धरता येत नाही ना, तसंच त्याचंही, गोळीबारात तो जवळजवळ निःशस्त्रच उभा.

तर झेंडा धरलेला सार्जंट पडला. कार्नीने हातातली बंदूक टाकून दिली, झेंडा पडायच्या आत धरला आणि किल्ल्याच्या भिंतीवर चढून तिथे रोवला. रेजिमेंटचे कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ, पंचवीस वर्षांचे, भिंतीवरच मारले गेले. कार्नी तिथे झेंडा धरून पडून राहिला, आजूबाजूला फक्त मेलेले आणि जखमी. माघार घ्यायची वेळ आली तेव्हा त्याने झेंडा काठीला गुंडाळला आणि खंदकाच्या पाण्यातून मागे निघाला, वाटेत गोळ्या लागल्या, पाय धरेना तर गुडघ्यावर रांगत. न्यूयॉर्कच्या एका रेजिमेंटचा गोरा सैनिक भेटला, त्याने आधार दिला आणि म्हणाला, आण तो झेंडा मी घेतो. कार्नीने दिला नाही. हा 54 वीच्या माणसाशिवाय कुणाच्या हातात जाणार नाही, असं त्याचं म्हणणं. शेवटी आपल्या लोकांत पोचल्यावर त्यांच्या हाती झेंडा दिला आणि म्हणाला की पोरांनो, मी फक्त माझं काम केलं, झेंडा जमिनीला टेकू दिला नाही. आणि कोसळला.

हल्ला फसला होता. 54 वीची 600 च्या आसपास माणसं हल्ल्यात उतरली होती, त्यातली 250 हून जास्त मेली, जखमी झाली किंवा सापडलीच नाहीत. दक्षिणेच्या लोकांनी शॉला त्याच्या काळ्या सैनिकांबरोबर एकाच खड्ड्यात पुरलं, म्हणजे त्यांच्या मते अपमान केला. शॉचे वडील म्हणाले, त्याला तिथेच राहू द्या, स्वतःच्या माणसांत.

आता जो भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो आणि शाळेत बहुतेक पटकन उरकतात तो. भरती करताना सांगितलं होतं की सगळ्यांना सारखा पगार. प्रत्यक्षात गोऱ्या शिपायाला महिन्याला 13 डॉलर आणि काळ्याला 10, त्यातून वर 3 कपड्यांचे कापायचे, हातात 7. 54 वीने पगार घ्यायचाच नाकारला. मॅसॅच्युसेट्स सरकार म्हणालं, वरचा फरक आम्ही भरतो, तर तेही नाही म्हणाले, कारण प्रश्न पैशाचा राहिलाच नव्हता. जवळजवळ दीड वर्ष एक डॉलर न घेता लढले, घरी बायकापोरांचे हाल होत असताना. जून 1864 मध्ये अमेरिकेच्या संसदेने सारखा पगार मान्य केला, तेव्हा जखमांमुळे कार्नी घरी परतायच्या बेतात होता.

म्हणजे बघ, ज्या माणसांनी झेंडा खाली टेकू दिला नाही त्याच माणसांनी त्या झेंड्याच्या सरकारला तोंडावर सांगितलं की तुम्ही चूक करताय. मला हे दोन्ही एकच वाटतं. झेंडा म्हणजे सगळ्यांनी मिळून दिलेला एक शब्द असतो, आणि जो तो शब्द खरा मानतो तोच तो मोडला की भांडतो. निशाणाला नुसता नमस्कार करून गप्प बसणारे खूप असतात, आपल्यातही आहेत, भगव्याला हात जोडायचे आणि वारीत सगळे सारखे म्हणायचं आणि घरी आल्यावर जात विचारायची. तसं आपण करायचं नाही, एवढं मी तुला आई म्हणून सांगणार.

पुढे कार्नी न्यू बेडफर्डमध्ये पोस्टमन झाला, लंगडत्या पायाने तीसहून जास्त वर्षं घरोघरी पत्रं टाकली. 1897 मध्ये बॉस्टन कॉमन या बागेत, स्टेट हाउसच्या म्हणजे राज्य सरकारच्या इमारतीच्या समोर, शॉ आणि 54 वीचं ब्राँझचं स्मारक उभं राहिलं, आपण त्याच्यासमोर फोटो काढलाय, घोड्यावर शॉ आणि बाजूने चालणारे सैनिक. अनावरणाला कार्नी झेंडा घेऊन आला तेव्हा लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. पण गंमत नाही, दुःखाची गोष्ट आहे, स्मारकावर मेलेल्या गोऱ्या अधिकाऱ्यांची नावं होती, काळ्या सैनिकांची नव्हती, ती मागच्या बाजूला कोरली गेली थेट 1980 च्या दशकात. आणि मेडल ऑफ ऑनर, म्हणजे अमेरिकेचं शौर्याचं सगळ्यात मोठं पदक, कार्नीला मिळालं मे 1900 मध्ये, लढाईनंतर जवळजवळ 37 वर्षांनी. मधल्या काळात दुसऱ्या काळ्या सैनिकांना ते मिळून गेलं होतं, पण ज्या पराक्रमासाठी मिळालं त्याची तारीख बघितली तर कार्नीचा सगळ्यात आधीचा. उतारवयात तो स्टेट हाउसमध्ये निरोप्याचं काम करायचा, तिथेच लिफ्टमध्ये पाय अडकून जखमी झाला आणि डिसेंबर 1908 मध्ये गेला.

आणि यात आपला धागा कुठे, तर आहे, ओढूनताणून नाही. वॅगनरच्या लढाईनंतर दहा वर्षांनी, 1873 मध्ये, जोतिबा फुल्यांनी 'गुलामगिरी' लिहिली आणि ती अर्पण केली अमेरिकेतल्या चांगल्या लोकांना, ज्यांनी काळ्या लोकांच्या गुलामीविरुद्ध स्वार्थ न बघता त्याग केला त्यांना, आणि लिहिलं की माझ्या देशातल्या लोकांनीही शूद्र बांधवांना ब्राह्मणी दास्यातून सोडवताना हे उदाहरण डोळ्यासमोर ठेवावं. त्यांना कार्नीचं नाव माहीत होतं असं मी म्हणत नाही. पण त्या त्यागात कार्नीचा पाय आहे, आणि त्याच्या न घेतलेल्या पगाराचे महिने आहेत.

फेब्रुवारीत तुमचं ब्लॅक हिस्टरी मंथचं, म्हणजे काळ्या लोकांच्या इतिहासाच्या महिन्याचं, प्रोजेक्ट असतं आणि तू दरवर्षी विषय शोधत बसतेस, तर हा घे. फुल्यांची अर्पणपत्रिका इंग्रजीतच छापलेली आहे, त्यामुळे वर्गात आहे तशी वाचून दाखवता येईल. मुलं विचारतील हे फुले कोण, तर ते तू सांग, तुला येतं. अडलं तर आजोबांना फोन लाव, ते खूश होतील.

तुझी,
आई