ब्रिटिश नौसैनिकांनी लिहिलेल्या महायुद्धाच्या आठवणी कितपत खऱ्या मानाव्यात? सुरुवात कुठून करावी?

तुम्हाला दुसऱ्या महायुद्धात समुद्रावर असलेल्या साध्या ब्रिटिश खलाशांच्या आठवणी वाचायच्या आहेत आणि त्यात खरं किती, थापा किती हे कसं ओळखायचं असं तुम्ही विचारलंय. हाच वाद आमच्या घरात गेली पंचवीस वर्षं दर दिवाळीला फराळाबरोबर निघतो, त्यामुळे राहवलं नाही.

माझं मत आधीच सांगून टाकतो. तारखा, अंतरं, कुठलं जहाज कुठे होतं, यावर काडीचा विश्वास ठेवू नका. कोको, ओले मोजे आणि कोणाचं कोणाकडे काय उधार होतं, यावर डोळे मिटून ठेवा.

1996 साली कंपनीने मला वर्षभरासाठी पोर्ट्समथला पाठवलं होतं. राहायला एका विधुर म्हाताऱ्याच्या घरातली वरची खोली मिळाली. वय त्र्याहत्तर, कान जवळजवळ गेलेले, चहा मात्र दर तासाला. नाव सांगत नाही, त्यांच्या जहाजाचंही नाही, घरची माणसं अजून आहेत. हे गृहस्थ युद्धात रॉयल नेव्हीच्या एका कॉर्व्हेटवर खलाशी होते. बायको गेल्यावर, म्हणजे 1980च्या दशकात, त्यांनी दोन निळ्या वह्यांत सगळं लिहून काढलं होतं. माझ्याकडे कॉम्प्युटर आहे हे कळल्यावर त्यांनी सौदा केला: वह्या टाइप करून द्यायच्या आणि भाड्यात आठवड्याला दहा पौंड सूट घ्यायची. मी दहा पौंडांसाठीच हो म्हटलं. उगाच थोरपणा कशाला सांगू!

इतक्या उशिरा का लिहिलं, तेही सांगतो, कारण तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर तिथेच आहे. युद्ध चालू असताना जहाजावर रोजनिशी ठेवायला मनाईच होती. शत्रूच्या हाती लागली तर सगळं उघड होणार. घरी पाठवलेली पत्रं त्याच जहाजावरचे अधिकारी वाचत आणि नको तो मजकूर काढून टाकत. काहींनी चोरून लिहिलं, पण बहुतेकांनी लिहिलं ते पेन्शनीत निघाल्यावर, नातवंडांनी विचारलं म्हणून. चाळीस वर्षांनी तारखा कोणाच्या लक्षात राहतात? मला माझ्या लग्नाची तारीख दरवर्षी आठवून दिली जाते.

आता कॉर्व्हेट म्हणजे काय ते. व्हेल मारणाऱ्या बोटीच्या आराखड्यावरून घाईघाईने बांधलेली साधारण 205 फुटांची लढाऊ बोट. वेग 16 नॉट (नॉट म्हणजे ताशी एक सागरी मैल), म्हणजे पाण्यावरून धावणारी जर्मन पाणबुडीसुद्धा हिला मागे टाकायची. आणि नावं सगळी फुलांची! मेरिगोल्ड नावाच्या कॉर्व्हेटने नोव्हेंबर 1941 मध्ये जिब्राल्टरजवळ यू-433 ही पाणबुडी बुडवली. म्हणजे चक्क झेंडूने. ओल्या गवतावर ठेवली तरी डोलेल अशी या बोटींची ख्याती होती. म्हातारबुवांनी पहिली सबंध वही त्या डोलण्यावर खर्च केली आहे. पहिल्या फेरीत त्यांना बोट लागली ती अकरा दिवस. ओकायला बादली मिळाली, पण ती भांडी घासायचीही होती. पाव चार-पाच दिवसांत बुरशी धरायचा, मग कडक बिस्किटं आणि डब्यातलं खारं गोमांस. झोपायला झोळी. राहत्या जागेत घोट्यापर्यंत पाणी, त्यात कोणाचा तरी बूट, बटाटे आणि घरून आलेली पत्रं एकत्र तरंगताहेत.

मग उत्तरेकडचे काफिले, म्हणजे लढाऊ बोटींच्या पहाऱ्यात एकत्र जाणारी मालवाहू जहाजं. ऑगस्ट 1941 पासून रशियाला रणगाडे, विमानं, दारूगोळा पोचवायला ब्रिटनमधून आणि आइसलँडवरून जहाजं निघायची, नॉर्वेच्या माथ्यावरून मुर्मान्स्क किंवा अर्खांगेल्स्कला जायची. त्यातल्या पीक्यू 17 या काफिल्याचं नाव तुम्ही ऐकलं असेलच. 4 जुलै 1942ला लंडनहून पांगण्याचा हुकूम आला आणि त्या काफिल्यातली 24 मालवाहू जहाजं गेली. त्यावर ढिगाने लिहिलं गेलंय, मी त्यात भर घालत नाही. म्हातारबुवा होते जेडब्ल्यू 53 या काफिल्यात, फेब्रुवारी 1943 मध्ये. पाणबुड्यांपेक्षा त्या फेरीत वादळच जास्त वाईट. उडालेलं पाणी हवेतच गोठून डेकवर खड्यांसारखं पडायचं. कठड्यावर, दोरांवर, तोफेवर बर्फाचे थर चढत जायचे आणि वरचा भार वाढला की बोट कलंडायची भीती. म्हणून कुऱ्हाडी, हातोडे, गरम वाफेचे पाइप घेऊन पाळीपाळीने बर्फ फोडायचा. उघड्या हाताने लोखंड धरलं तर कातडी तिथेच राहायची.

आणि कोको. कोकोवर चार पानं आहेत हो! त्याला ते ‘काय’ म्हणायचे, त्यामुळे टाइप करताना मी सारखा हसायचो. चॉकलेटची दगडासारखी वडी सुरीने किसायची, उकळतं पाणी, घट्ट गोड दूध, आणि चमचा उभा राहील इतकं दाट करायचं. रात्री बारा ते चारच्या पाळीत सर्वांत धाकट्याने ते खालून वर न्यायचं. किटलीला कडी नाही, एका हाताने शिडी धरायची, बोट एका बाजूला जाते तेव्हा थांबायचं, दुसऱ्या बाजूला जायच्या आत तीन पायऱ्या चढायच्या. त्यांनी पायऱ्या मोजून लिहिल्यात. चौदा. एकदा किटली सांडली तेव्हा वरच्या पहारेकऱ्यांपैकी कोण काय बोललं तेही नावानिशी लिहिलंय, ते इथे छापता येणार नाही.

इथे माझा मेहुणा येतो. पुण्यात इतिहास शिकवतो. मी परत आल्यावर मोठ्या कौतुकाने त्याला छापील प्रत दाखवली आणि त्याने दुसऱ्या दिवशी लाल पेनाने खुणा करून परत दिली. मुख्य खुणा दोन.

पहिली रमची. म्हातारबुवांनी लिहिलं होतं की वादळ ओसरल्यावर आपण रम प्यायलो आणि जीव परत आला. मेहुणा म्हणाला, भाऊजी, नौदलात वीस वर्षांखालच्या पोराला रम मिळतच नव्हती, नावापुढे कमी वयाचा शेरा असायचा. याचं वय तेव्हा एकोणीस. म्हणजे थाप. नियम त्याने बरोबर सांगितला. रोज दुपारच्या सुमारास माणशी पाइंटाचा आठवा हिस्सा, म्हणजे साधारण 71 मिलिलिटर रम, खालच्या खलाशांना त्यात दुप्पट पाणी घालून. न घेणाऱ्याला दिवसाला तीन पेन्स. ही पद्धत थेट 31 जुलै 1970पर्यंत चालली. पण नियम रजिस्टरात असतो, आणि खाली राहत्या जागेत रम म्हणजे चलन. माझी पाळी केलीस, एक घुटका घे. कपडे धुतलेस, एक घोट घे. वाढदिवस असला तर सगळ्यांच्या पेल्यांतून थोडी थोडी. घुटक्याला वेगळा शब्द, घोटाला वेगळा. हे वहीत पाच पानं आधीच लिहिलं होतं, पण आमच्या प्राध्यापकांनी ती पानं उलटली असणार, कारण तिथे तारीख नव्हती.

या मुद्द्यावर त्याने आजतागायत हार मानलेली नाही.

दुसरी खूण शेफील्डची. त्याच वादळात शेफील्ड या क्रूझरच्या, म्हणजे मोठ्या युद्धनौकेच्या, एका तोफघुमटाचं पोलादी छप्पर लाटेने उचकटून नेलं. ही गोष्ट खरी आहे, नोंदीत आहे. म्हातारबुवांनी लिहिलं होतं, मी ते छप्पर उडताना पाहिलं. मेहुणा म्हणाला, कसं पाहील? याची कॉर्व्हेट काफिल्याजवळ, आणि क्रूझरची तुकडी वेगळी, लांबून पहारा देत चाललेली. मी दोन दिवाळ्या भांडलो. त्याबद्दल पुढे सांगतो.

मोठा तंटा निराळाच आहे. दुसऱ्या वहीत एका पानावर फक्त तीन ओळी होत्या. आधीच्या नोंदीपेक्षा बारीक अक्षर, खाली रिकामं पान. त्या ओळी मी इथे लिहिणार नाही. एवढंच सांगतो की काफिल्याच्या रक्षक बोटींना कायम एका पेचातून जावं लागायचं: जहाज बुडालं, माणसं पाण्यात आहेत, लाइफजॅकेटवरचे लाल दिवे दिसताहेत, आणि पाणबुडी तिथेच खाली आहे. थांबलं तर आपणही जाणार आणि काफिला उघडा पडणार. आर्क्टिकच्या पाण्यात माणूस काही मिनिटं टिकायचा. पुढचं तुम्ही समजून घ्या.

मी त्या ओळी टाइप केल्या. त्यांना विचारलं, इथे अजून काही लिहायचंय का? ते उठले आणि चहाचं आधण ठेवायला गेले. किटली आधीच गरम होती. चार दिवसांनी छापील पानं वाचून झाल्यावर माझ्या दारावर टकटक झाली. त्या तीन ओळी काढ म्हणाले. का, ते सांगितलं नाही, मी विचारलं नाही. काढल्या. त्यांनी नंतर वही शेगडीत घातली की काय केलं, मला माहीत नाही.

मेहुणा म्हणतो, भाऊजी, तुम्ही पुरावा नष्ट केलात. त्या वहीत इतिहास म्हणावा अशा तेवढ्या तीनच ओळी होत्या, बाकी कोको. मी म्हणतो, वही त्यांची, ओळी त्यांच्या, मी भाड्यात सूट घेणारा टायपिस्ट. तो म्हणतो, मेलेल्यांचं काय? इथे मी गप्प बसतो आणि बायको विषय बदलते.

तुम्ही खरं-खोटं ओळखायचं विचारलंत ना? माझी कसोटी साधी आहे. लिहिणाऱ्याच्या हाताच्या अंतरावर जे होतं ते धरा. शिडीच्या पायऱ्या चौदा म्हणाला तर चौदाच. क्षितिजावरचं काही सांगायला लागला की सावध व्हा. आणि कोकोला चार पानं आणि एखाद्या रात्रीला तीन ओळी असतील तर ती रात्र पुन्हा वाचा.

यात एक खोट आहे, तीही सांगायला हवी. या आठवणी मला आवडतात, पण एका गोष्टीवरून त्यांचा रागही येतो. वहीत एका बुडालेल्या व्यापारी जहाजावरच्या लोकांना उचलल्याचा प्रसंग आहे. कप्तानाचं नाव आहे, इंजिनिअरचं आहे, बोटीवरच्या मांजराचंसुद्धा आहे. पुढे लिहिलंय, ‘आणि अकरा लास्कर’. लास्कर म्हणजे आपले लोक. माझं आजोळ हर्णैच्या बाजूला, तिथल्या मोहल्ल्यांतले किती जण बोटीवर होते! ब्रिटिश व्यापारी जहाजांवर साधारण वाटणी अशी असायची: डेकवर रत्नागिरीकडचे सारंग, तांडेल, खलाशी, भट्टीपाशी पंजाब आणि सिल्हेटचे, स्वयंपाकघरात आणि सलूनमध्ये, म्हणजे जहाजावरच्या जेवणघरात, गोव्याचे. पगार गोऱ्या खलाशापेक्षा कितीतरी कमी. गोऱ्यांचीही चैन नव्हती म्हणा. मे 1941पर्यंत जहाज बुडालं की त्या दिवसापासून पगार बंद व्हायचा, मग भले तुम्ही नावेत बसून वल्हवत असाल. या युद्धात साडेसहा हजारांहून जास्त हिंदी खलाशी मेले. सप्टेंबर 1940 मध्ये सिटी ऑफ बनारस हे कॅनडाला मुलं घेऊन चाललेलं जहाज बुडालं, तेव्हा त्याची 12 नंबरची जीवरक्षक नाव आठ दिवस भटकत होती. तिच्यातल्या 46 जणांत निम्म्याहून जास्त हिंदी खलाशी होते, पण ती गोष्ट आपल्याला कळते ती मुलांकडून आणि त्यांना सांभाळणाऱ्या बाईंकडून.

मी म्हातारबुवांना विचारलं होतं, त्या अकरांपैकी कोणाचं नाव आठवतं का? बराच वेळ विचार करून म्हणाले, एक जण मला टोपी देऊन गेला. नाव नाही.

सुरुवात कुठून करायची, तर पुस्तकांच्या नादी आधी लागू नका. बीबीसीने 2003 ते 2006 या काळात सामान्य लोकांकडून युद्धाच्या आठवणी गोळा केल्या होत्या, सुमारे 47,000 आहेत, त्यात नौदलाच्या भरपूर. बऱ्याच दुसऱ्यांनी टाइप करून दिलेल्या आहेत, माझ्यासारख्यांनी, तेव्हा काय काढलं गेलं असेल याचा अंदाज घेत वाचा. मग लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमच्या ध्वनिमुद्रित मुलाखती. भाषा कळायला आठवडा जाईल, नौदलाचे शब्द वेगळेच. लंडनला गेलात तर टेम्स नदीत बेलफास्ट ही क्रूझर उभी आहे, तिच्या खालच्या मजल्यावर झोळ्या टांगलेल्या आहेत. तिथे पाच मिनिटं उभे राहा आणि मग वाचा.

हो, शेफील्डचं राहिलं. मेहुणा बरोबर होता. म्हातारबुवांनी ते छप्पर पाहिलं नव्हतं, ऐकलं होतं, आणि पन्नास वर्षं सांगता सांगता ते त्यांच्या डोळ्यांपुढे उडायला लागलं. तेव्हा माझा ‘डोळे मिटून’ हा शब्द थोडा मागे घेतो. म्हातारबुवा वारले 2001 साली. ब्रिटिश सरकारने आर्क्टिक काफिल्यांसाठी वेगळं पदक दिलं ते 2013 मध्ये. त्यांच्याकडे रशियाने पाठवलेलं एक स्मृतिपदक तेवढं होतं, बिस्किटांच्या डब्यात, बटणांबरोबर.

मेहुणा हे वाचणारच. वाचलंस तर फोन कर. कोकोच्या चार पानांची झेरॉक्स माझ्याकडे आहे, हवी असेल तर पाठवतो. दुसरं काही मागू नकोस.