सिमेंटच्या दर्जा आणि ओली भिंत

प्रश्न : आमच्या गावातल्या ब्रिटिशकालीन दगडी चर्चला सिमेंटच्या दर्जा (दगडांमधले सांधे) भरल्यापासून आतून ओल येते, पोपडे सुटतात. उपाय? – एक वाचक, सोलापूर

उत्तर : दोष सिमेंटचाच. काळा दगड पाणी फारसं पीत नाही. भिंतीतली ओल चुन्याच्या दर्जांमधूनच बाहेर पडायची. ती वाट बुजली, म्हणून ओल गिलाव्यातून फुटते. सिमेंट छिन्नी-हातोडीनं काढा. ग्राइंडरनं दगडाच्या कडा उडतात. सांधा रुंदीच्या दुप्पट खोल मोकळा करून पाणी मारा. मग १ भाग मुरवलेला चुना, ३ भाग चाळलेली वाळू असा माल दाबून भरा. सोलापूरच्या उन्हात तो झटकन सुकून भुगा होतो, तेव्हा आठवडाभर ओलं गोणपाट टांगाच. अँग्लिकन (ब्रिटिशांच्या प्रोटेस्टंट पंथाच्या) चर्चची वेदी बहुधा पूर्वेला असते, म्हणजे दार पश्चिमेला. पश्चिमेकडून येणाऱ्या मोसमी पावसाचा मारा याच दाराकडच्या भिंतीवर. सुरुवात तिथूनच करा, पण त्याआधी पन्हळी तपासा.