बेळगावचे डॉक्टर म्हणतात बीपीची गोळी सुरू करा, कोल्हापूरचे म्हणतात गरज नाही, आणि दोघंही ‘गाइडलाइन’च दाखवतात. ही गाइडलाइन ठरवतं तरी कोण?

तुमचे वडील ५८ वर्षांचे, बीपी १३६/८६, संकेश्वरहून दोन्हीकडे दाखवून झालं आणि हातात दोन मतं. आधी एक सांगतो: हा कर्नाटक-महाराष्ट्राचा वाद नव्हे. मी निपाणीत फिजिशियन आहे. माझ्याकडे येणाऱ्यांच्या पिशवीत दोन्ही राज्यांच्या फायली असतात, आणि दोन्हीकडचे डॉक्टर त्याच चार-पाच गाइडलाइन्स वाचतात. कोण कुठलं पान धरतो, एवढाच फरक.

हृदयरोगात जास्त चालतात त्या युरोपियन सोसायटी ऑफ कार्डिओलॉजीच्या आणि अमेरिकेतल्या दोन संस्थांनी, म्हणजे अमेरिकन कॉलेज ऑफ कार्डिओलॉजी आणि अमेरिकन हार्ट असोसिएशन यांनी, मिळून काढलेल्या. या अमेरिकन जोडीची पहिली गाइडलाइन १९८४ची, पेसमेकरवरची. आपली कार्डिओलॉजिकल सोसायटी ऑफ इंडिया १९४८ पासूनची, मुख्यालय कोलकात्यात. यातलं काहीही कायदा नव्हे, सल्ला आहे.

काम साधारण असं चालतं. संस्था एक समिती नेमते. त्यात हृदयरोगतज्ज्ञ असतातच, शिवाय इतर शाखांचे डॉक्टर, आणि हल्ली एखादा रुग्ण-प्रतिनिधीही. पहिलं काम प्रश्न नेमका करण्याचं. ‘बीपी उतरवावं का’ असला मोघम प्रश्न चालत नाही. कुठल्या माणसांचं, किती खाली, कशाच्या तुलनेत, आणि शेवटी मोजायचं काय, अटॅक, लकवा की मृत्यू? मग त्यावरचे झाडून सगळे अभ्यास काढायचे, कच्चे बाजूला करायचे, वाक्य लिहायचं, एकेका शब्दावर भांडायचं आणि मतदान घ्यायचं. त्यानंतर बाहेरचे तज्ज्ञ मसुद्याची चिरफाड करतात, आणि मग संस्थेची मंजुरी.

औषध कंपन्यांच्या पैशाचं काय, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण विचारायला हवं होतं. अमेरिकन समितीत अध्यक्षाचे त्या विषयाशी जोडलेल्या कंपन्यांशी आर्थिक संबंध चालत नाहीत, निम्म्याहून जास्त सदस्यही तसेच मोकळे लागतात, आणि ज्याचे संबंध आहेत त्याला त्या मुद्द्यावर मत देता येत नाही. आपल्याकडच्या परिषदांना गेलं की गळ्यातल्या पट्टीपासून जेवणापर्यंत सगळ्यावर कंपनीचं नाव असतं, त्यामुळे हा नियम मला फार मोलाचा वाटतो.

आता खरी गंमत. गाइडलाइनमधल्या प्रत्येक शिफारशीपुढे दोन खुणा असतात. पहिली, शिफारस किती ठाम आहे याची: वर्ग एक हिरवा, म्हणजे करा, दोन-अ पिवळा, करणं योग्य, दोन-ब नारिंगी, केलं तर चालेल, तीन लाल, म्हणजे फायदा नाही किंवा नुकसान. दुसरी खूण पुराव्याची. ‘अ’ म्हणजे एकाहून जास्त चांगल्या चाचण्यांचा (माणसांचे गट पाडून उपचारांची तुलना करणाऱ्या अभ्यासांचा) आधार, ‘क’ म्हणजे तोकडी माहिती किंवा जाणकारांचं एकमत. २००९ मध्ये अमेरिकन हृदयरोग गाइडलाइन्सची अशी मोजणी झाली, तेव्हा ‘अ’ दर्जा फक्त ११ टक्के शिफारशींना होता आणि ‘क’ ४८ टक्क्यांना. दहा वर्षांनी परत मोजलं तर ‘अ’ ८.५ टक्के!

जाणकारांचं मत म्हणजे थाप नव्हे, पण ते साफ चुकूही शकतं. अटॅकनंतर हृदयाचे जादा ठोके दिसले की ते दाबणारी औषधं द्यायची, हे एकेकाळी सगळ्यांना पटलेलं होतं. १९८९ मध्ये चाचणीचा निकाल आला: ठोके दबले, पण औषध घेणारे जास्त संख्येने मेले.

आता तुमच्या वडिलांचा १३६. अमेरिकेने २०१७ मध्ये ‘हाय बीपी’ म्हणायची रेघ १४०/९० वरून १३०/८० वर आणली. मोठा आधार होता २०१५ च्या स्प्रिंट चाचणीचा: ९,३६१ माणसं, वय ५० च्या पुढे, मधुमेह नाही पण हृदयरोगाचा धोका जास्त. वरचं बीपी १२० च्या खाली ठेवलेल्यांत अटॅक, लकवा वगैरे सुमारे एक चतुर्थांशाने घटले. भोवळ आणि किडनीचा त्रास मात्र वाढला. तीच चाचणी समोर असताना युरोपने २०१८ मध्ये आणि भारतीय गाइडलाइनने २०१९ मध्ये रेघ १४०/९० वरच ठेवली. युरोपने २०२४ मध्ये १२० ते १३९ ला ‘वाढलेलं बीपी’ असा वेगळा कप्पा केला. पुरावा तोच, तो किती लोकांना लावायचा यावर मतभेद.

शिवाय स्प्रिंटमध्ये बीपी कसं मोजलं ते बघा. माणूस पाच मिनिटं शांत बसलेला, मशीन आपोआप तीनदा मोजतं, बऱ्याच ठिकाणी खोलीत दुसरं कोणी नाही. आणि माझ्याकडे? बाजाराच्या दिवशी माणूस एसटीतून उतरून जिना चढतो, स्वेटरची बाही वर सरकवतो आणि पट्टा बांधेपर्यंत विचारतो, “काय ओ डॉक्टर, गेल्या खेपेला बरोबर आहे म्हणालासा की!” या १३६ ला तो १३६ समजून चालणार नाही.

आणखी एक, जे दोघांपैकी कोणी सांगितलं नसेल. १३० ते १३९ मध्ये सरसकट गोळी द्या, असं २०१७ ची अमेरिकन गाइडलाइनही म्हणत नव्हती. आधीचा हृदयविकार, मधुमेह, किडनीचा आजार किंवा पुढच्या दहा वर्षांतला हृदयरोगाचा धोका १० टक्के वा जास्त असेल तर गोळी, असं तिचं म्हणणं होतं; नाहीतर आधी मीठ, वजन, चालणं. हा धोका काढणारं त्यांचं गणित अमेरिकेतल्या लोकांवर बेतलेलं. त्यात सिगारेट विचारतात, मिश्री (दातांना लावायची भाजलेल्या तंबाखूची पूड) कोण विचारणार? आमच्या निपाणीत घरोघरी विड्या वळल्या जातात आणि बायका सकाळी मिश्री लावतात. तो रकाना मी पेनने वाढवून घेतो.

जागेप्रमाणे शिफारस कशी वळते, हे अटॅकमध्ये दिसतं. निदानापासून १२० मिनिटांत अँजिओप्लास्टी होणार असेल तर तीच सरस. नाहीतर गुठळी विरघळवणारं इंजेक्शन आधी, मग मोठ्या दवाखान्यात. खानापूरच्या जंगलातल्या वाडीवरून निघालेल्या माणसासाठी बहुतेक वेळा दुसरीच ओळ. २००८ मध्ये आलेल्या भारतातल्या २०,४६८ रुग्णांच्या नोंदीत दुखणं सुरू झाल्यापासून दवाखाना गाठायला मध्यक वेळ ३६० मिनिटं होता, म्हणजे निम्म्यांना याहून जास्त लागला. कर्नाटकच्या पुनीत राजकुमार हृदयज्योती योजनेत तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात ते महागडं इंजेक्शन फुकट मिळतं. जवळच्या माणसांना हे सांगून ठेवा.

वडिलांसाठी: दंडाला बांधायचं मशीन आणा. सात दिवस सकाळी गोळ्या-नाश्त्याआधी आणि संध्याकाळी, पाठ टेकून पाच मिनिटं बसवून, दोन-दोनदा मोजून वहीत लिहा. पहिल्या दिवसाचे आकडे सोडा, बाकीच्यांची सरासरी काढा. घरी मोजलेली सरासरी १३५/८५ च्या वर गेली तर बेळगावच्या डॉक्टरांच्या म्हणण्यात दम आहे. सोबत शुगर, कोलेस्टेरॉल, क्रिएटिनिन (किडनीसाठी), लघवीतलं प्रोटीन आणि ईसीजी करून घ्या, आणि तंबाखू-मिश्रीचं आपणहून सांगा. मग दोघांपैकी ज्यांच्याकडे जायला सोयीचं पडतं त्यांना विचारा: “ही शिफारस कुठल्या वर्गाची, आणि यांचा धोका किती टक्के धरलात?”