टीव्हीवरच्या बारीक हिरॉइन बघून मुलींना खरंच स्वतःचं शरीर नकोसं होतं का, की उगाच बोललं जातं?

हो, खरंच होतं, आणि यातलं सगळ्यात गाजलेलं उदाहरण पॅसिफिक महासागरातल्या फिजी या बेटांच्या देशाचं आहे. तिथे भरलेलं अंग म्हणजे घरचे नीट खाऊपिऊ घालतायत अशी समजूत, कोणी बारीक झालं की लोकांना टेन्शन (आपल्या आज्या 'किती वाळलीस गं' म्हणतात ना, तसंच काहीसं). १९९५ मध्ये तिथल्या नाद्रोगा भागात टीव्ही आला, त्यावर अमेरिकन वगैरे परदेशी सिरियल्स, आणि अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाच्या संशोधक अ‍ॅन बेकर यांनी शाळकरी मुलींना तेव्हा आणि परत १९९८ ला तेच प्रश्न विचारले. वजन कमी करायला मुद्दाम उलटी काढणारी मुलगी आधी एकही नव्हती, तीन वर्षांत अशा मुली ११.३ टक्के झाल्या, आणि ७४ टक्के मुली म्हणाल्या की आपल्याला आपण कधी ना कधी जाड वाटतो. कित्येकींना हिरॉइनसारखं दिसलं की चांगली नोकरी मिळेल असंही वाटायचं, म्हणजे नुसतं दिसण्याचं नाही, आपली किंमतच त्यावर ठरायला लागली. फक्त एक, दोन्ही वेळी मुली वेगवेगळ्या होत्या आणि दरवेळी साठ-पासष्टच, त्यामुळे सगळं खापर एकट्या टीव्हीवर नका फोडू, त्याच काळात तिथलं बाकीचं जगणंपण भराभर बदलत होतं.