शाळेच्या पहिल्या दिवशी मूल रडलं, तर थांबावं की निघावं?

साडेतीन वर्षांची लेक उद्यापासून शाळेत जाणार आणि ती रडली तर काय करू, असं तुम्ही विचारलंय. निघा, पण तिला सांगून निघा. तिचं लक्ष नसताना गुपचूप सटकू नका. वळून पाहिलं आणि आई नाही, हा धक्का रडण्यापेक्षा मोठा असतो. मग ती घरातही तुमचा पदर सोडत नाही.

आई दूर गेली की कासावीस होणं साधारण ८ महिन्यांपासून सुरू होतं आणि नवी जागा, नवी माणसं दिसली की ते ३-४ वर्षांच्या मुलांतही उफाळून येतं. त्यात हट्ट नाही, तिचा तुमच्यावर जीव आहे.

'१२ वाजता येते' हे तिला कळणार नाही. 'खाऊ खाल्लास, गाणी झाली, की मी दारात' हे कळतं. आणि खरंच वेळेवर पोचा, पाच मिनिटं आधीच. माझा मुलगा पहिल्या दिवशी माझ्या पर्सचा पट्टा मुठीत धरून उभा होता. मी त्याला माझा रुमाल दिला. दुपारी तो चुरगळलेला, ओला रुमाल अजून त्याच्या मुठीतच होता.

आज एवढंच करा: बाटलीचं झाकण उघडणं, चपला घालणं, 'शू लागली' म्हणणं, हे तिच्याकडून करून घ्या.

घरी आल्यावर ती चिडचिड करेल. प्रश्न विचारू नका, जवळ घ्या. काही मुलं पहिल्या दिवशी हसत जातात आणि दुसऱ्या आठवड्यात रडतात, तेव्हाही घाबरू नका.